पडद्यामागची दोन कामे: नेपथ्य आणि पात्रनिवड

मद्रासच्या, म्हणजे आजच्या चेन्नईच्या, उत्तर भागात जॉर्ज टाउन ही जुनी व्यापारी पेठ आहे. पूर्वी तिला ब्लॅक टाउन म्हणत. पंचम जॉर्ज यांच्या राज्यारोहणाच्या निमित्ताने १९११ साली तिला आजचे नाव मिळाले. या पेठेतील किनेमा सेंट्रल या चित्रगृहात ३१ ऑक्टोबर १९३१ रोजी ‘कालिदास’ हा पहिला तमिळ बोलपट झळकला. त्याची रिळे सेंट्रल स्थानकावरून वॉलटॅक्स रस्त्याने नेली जात असता लोकांनी फुले उधळली, धूप जाळला, नारळ फोडले. देवाच्या पालखीचा मान त्या दिवशी फिल्मच्या डब्यांना लाभला!

परंतु ज्या देखाव्यांत हा बोलपट चित्रित झाला, ते त्याच्यासाठी उभारलेलेच नव्हते. मुंबईत ‘आलमआरा’साठी सिद्ध केलेल्या नेपथ्यातच अर्देशीर इराणी यांनी तो काढून घेतला. पात्रांचीही तीच गत. कोणी तमिळ बोले, कोणी तेलुगू, तर कोणी हिंदी! आपली भाषा पडद्यावर ऐकण्याच्या आनंदात प्रेक्षकांनी हे सारे पोटात घातले. पण असा आनंद एकदाच पुरतो. पुढे चित्रपटाला दोन प्रश्नांची उत्तरे द्यावीच लागली: कथा कोठे घडते, आणि ती कोणाच्या मुखाने बोलते? पहिल्याचे उत्तर नेपथ्यकार देतो, दुसऱ्याचे पात्रांची निवड करणारा.

या शिक्षणात मराठी माणसांचा वाटा होता. कोल्हापुरात स्थापन झालेल्या प्रभात फिल्म कंपनीने ‘सीता कल्याणम्’ हा तमिळ बोलपट निर्माण केला आणि तो १९३४ साली प्रदर्शित झाला. दिग्दर्शक होते बाबूराव पेंढारकर. रामाच्या भूमिकेसाठी एस. राजम आणि सीतेसाठी त्यांचीच सख्खी बहीण जयलक्ष्मी यांची निवड झाली. दोघेही गाण्यात तयार. परंतु भावंडांनी पतिपत्नी व्हावे, हे सनातनी मंडळींना रुचले नाही. प्रेक्षक भूमिकेबरोबर माणसालाही पाहतो, हा धडा त्यातून मिळाला.

या बोलपटाशी निगडित असलेले ए. के. शेखर पुढे मद्रासचे नामवंत कलादिग्दर्शक झाले. एस. एस. वासन यांच्या जेमिनी स्टुडिओने १९४८ साली काढलेल्या ‘चंद्रलेखा’चे नेपथ्य त्यांचे. त्यातील नगाऱ्यांचे नृत्य आजही वाखाणले जाते. प्रचंड नगाऱ्यांवर नर्तकी नाचतात आणि नृत्य संपताच त्यांच्या पोटातून सैनिक बाहेर उसळतात. म्हणजे नगारे डोळ्यांत भरावेत, पावलांचा भार सोसावेत आणि शस्त्रधारी माणसे लपवावीत, अशी त्यांची तिहेरी कामगिरी. येथे नेपथ्य ही कथेची केवळ पार्श्वभूमी नाही. कथाच त्यावर उभी आहे.

पात्रनिवडीचीही अशीच दमछाक झाली. सर्कशीच्या प्रसंगांसाठी वेप्पत्तूर किट्टू यांनी गावोगाव हिंडून पन्नासांहून अधिक सर्कशी पाहिल्या, तेव्हा कोठे दोन पसंत पडल्या. नायकासाठी प्रथम के. जे. महादेवन यांना घेतले होते. पण ते फार सौम्य वाटले. मग खलनायकासाठी योजलेले एम. के. राधा नायक झाले, आणि रिकाम्या जागी, वासन यांच्या मनात शंका असतानाही किट्टूंच्या आग्रहावरून, रंजन आले. तोच खलनायक चित्रपटाचे मोठे आकर्षण ठरला.

चित्रण संपले की नेपथ्य मोडून टाकतात. निवडीसाठी केलेल्या पायपिटीची तर खूणही उरत नाही. प्रेक्षकाला महाल महालच वाटला आणि खलनायक दुसरा कोणी असू शकला असता अशी शंकाही आली नाही, तर ही दोन्ही कामे फत्ते झाली. त्यांचे यश असे दिसेनासे होण्यातच असते. म्हणूनच ती करणाऱ्यांची नावे आवर्जून उच्चारावी लागतात.