आलेख अक्षांना कोठे छेदतो?

मूर्तिजापूर ते अचलपूर हा ७६ किलोमीटरांचा अरुंदमापी लोहमार्ग वऱ्हाडात ‘शकुंतला’ या नावाने परिचित आहे. या मार्गावर पूर्वी धावणाऱ्या गाडीचा वेग, उदाहरणापुरता, ताशी १९ किलोमीटर एकसारखा मानावा. क्ष तासांनंतर अचलपूरपर्यंत उरलेले अंतर य किलोमीटर असल्यास, य = ७६ − १९क्ष हे समीकरण मिळते.

गाडी सुटते तेव्हा क्ष = ०; म्हणून य = ७६. आलेख य-अक्षाला (०, ७६) या बिंदूत छेदतो. गाडी पोहोचते तेव्हा उरलेले अंतर शून्य, म्हणजे य = ०; त्यावरून १९क्ष = ७६, क्ष = ४. आलेख क्ष-अक्षाला (४, ०) या बिंदूत छेदतो.

येथेच विद्यार्थ्यांची गफलत होते. क्ष-अक्षावरील छेदनबिंदू काढावयाचा, म्हणून ते क्ष यासच शून्य मानतात. शिक्षकांनी नियम पाठ करवून न घेता प्रथम मुलाला क्ष-अक्षावरून बोट फिरवावयास लावावे व तेथील बिंदूंची उंची किती, असे विचारावे. ‘शून्य’ हे उत्तर मुलाच्या मुखातून आले, की कोणते अक्षर शून्य घ्यावयाचे हे त्यास निराळे सांगावे लागत नाही.

गाडी वाटेत अंजनगावी थांबून राहिली, तर उरलेले अंतर बदलत नाही. तेवढा आलेख क्ष-अक्षाला समांतर राहतो व त्यास छेदत नाही. तसेच (४, ०) च्या पुढे रेषा वाढविता येते, परंतु प्रवास तेथे संपलेला असतो. छेदनबिंदू काढल्यावर त्याचा अर्थ मुलास एका वाक्यात सांगता आला पाहिजे. अन्यथा ते केवळ आकडेच राहतात.