आडिवऱ्याचे केशवराव दाते

राजापूर तालुक्यातलं आडिवरे म्हटलं की रत्नागिरीकरांना आधी महाकाली आठवते. याच गावात १८८९ साली केशवराव दाते जन्मले. मराठी रंगभूमीचा इतिहास आपण बहुधा गाणाऱ्यांच्या नावांनी सांगतो. दाते गद्य नट होते. तानेचा आधार नाही, वन्समोर नाही. शब्द, चेहरा आणि दोन शब्दांमधली शांतता, एवढ्याच भांडवलावर त्यांनी अर्धशतक गाजवलं.

महाराष्ट्र नाटक मंडळीत त्यांची सुरुवात झाली ती स्त्रीभूमिकांपासून. त्या काळात दुसरी वाट नव्हती. १९१३ साली दादासाहेब फाळक्यांच्या 'राजा हरिश्चंद्र' या मूकपटातली तारामतीसुद्धा अण्णा साळुंखे या पुरुषानेच उभी केली. पदर सांभाळत, नजर झुकवत बाईचं दुःख दाखवायचं, हे दात्यांनी कोवळ्या वयात शिकून घेतलं.

पुढे १ जुलै १९३३ रोजी 'नाट्यमन्वंतर' या नाट्यसंस्थेने श्री. वि. वर्तकांचं 'आंधळ्यांची शाळा' रंगमंचावर आणलं. नॉर्वेचा नाटककार ब्यर्न्सन याच्या नाटकावर बेतलेल्या या प्रयोगात ज्योत्स्ना भोळे आणि पद्मावती वर्तक यांनी स्त्रीभूमिका केल्या. या उपक्रमात दातेही होते. ज्या रंगभूमीवर ते स्वतः लुगडं नेसून उभे राहिले, तिथे बायकांना त्यांची जागा मिळताना त्यांनी पाहिली.

१९३४ साली 'प्रभात' चित्रपटसंस्थेच्या मराठी 'अमृतमंथन'मध्ये ते राजगुरू झाले. पण त्यांचं शिखर म्हणजे १९३७ सालचा 'कुंकू'. ना. ह. आपट्यांच्या 'न पटणारी गोष्ट' या कादंबरीवरचा हा चित्रपट. फसवून लग्न लावून दिलेली नीरा म्हणजे शांता आपटे आणि तिचा उतारवयातला वकील नवरा काकासाहेब म्हणजे दाते. तेव्हा त्यांचं वय होतं अवघं ४८. दिग्दर्शक व्ही. शांताराम यांनी चित्रपटाला पार्श्वसंगीत दिलंच नाही. घरात ऐकू येते ती भिंतीवरच्या जुन्या घड्याळाची टिकटिक. ते घड्याळ म्हणजे काकासाहेबच. अशा उघड्या शांततेत नटाला लपायला जागा नसते. दाते लपत नाहीत. आधी अहंकार, मग ओशाळलेपण आणि शेवटी आपण एका मुलीचा जन्म नासवला ही जाणीव, असं सगळं त्यांच्या चेहऱ्यावर पायरीपायरीने उतरत जातं. काकासाहेब खलपुरुष होत नाहीत, म्हणूनच नीराचा प्रश्न एका माणसापुरता न राहता सगळ्या समाजाला बोचतो.

'शेजारी'तला जिवबा (१९४१), 'झनक झनक पायल बाजे'तले मंगल महाराज (१९५५) आणि 'राजकमल' चित्रपटसंस्थेसाठी केलेलं 'भक्तीचा मळा'चं दिग्दर्शन (१९४४) हा पुढचा प्रवास. १९७१ साली ते गेले.

माझ्या मते दात्यांचं मोठेपण त्या पहिल्या लुगड्यात आहे. बाईच्या जागी उभं राहून पाहिलेल्या माणसालाच असा काकासाहेब साधतो. या दिवाळीत 'कुंकू' पुन्हा पाहा. नीरा बोलत असेल तेव्हा नजर मात्र काकासाहेबांच्या चेहऱ्यावर ठेवा.