चरित्रपटातील इतिहास आणि पटकथाकाराचे स्वातंत्र्य : ‘अमेडियस’च्या संदर्भात

प्रस्तावना :
दिवंगत कलावंतावर पटकथा लिहिणाऱ्या लेखकावर दुहेरी जबाबदारी असते. विस्कळीत आयुष्याला त्याला नाट्यरूप द्यावे लागते आणि ज्यांना आता उत्तर देता येत नाही, त्यांच्या लौकिकाचेही भान ठेवावे लागते. ब्रिटिश नाटककार पीटर शाफर (१९२६-२०१६) यांची ‘अमेडियस’ ही पटकथा या दृष्टीने अभ्यसनीय ठरते.

कथाबीज :
संगीतकार मोझार्ट १७९१ मध्ये व्हिएन्ना येथे वयाच्या ३५ व्या वर्षी निधन पावला. दरबारी संगीतकार सालिएरीने त्याला विष दिले, ही अफवा पुढे पसरली. तिच्या आधारे रशियन कवी पुश्किन याने १८३० मध्ये एक लघुनाटक लिहिले. शाफर यांचे नाटक १९७९ मध्ये लंडनच्या रंगभूमीवर आले. मिलोश फोरमन दिग्दर्शित चित्रपट १९८४ मध्ये प्रदर्शित झाला आणि शाफर यांना रूपांतरित पटकथेचे ऑस्कर मिळाले.

वास्तव आणि कल्पित :
चित्रपटातील सालिएरी ब्रह्मचर्याचे व्रत घेतो. प्रत्यक्षात तो विवाहित व आठ अपत्यांचा पिता होता. चित्रपटात तो मरणासन्न मोझार्टची ‘रेक्विएम’ ही रचना लिहून घेतो; वस्तुतः ती अपूर्ण रचना ज्युसमायर याने पूर्ण केली. मोझार्टच्या धाकट्या मुलाला सालिएरीने संगीत शिकविले होते. दोघांनी १७८५ मध्ये तिसऱ्या एका रचनाकारासह केलेली संयुक्त रचना २०१५ मध्ये प्राग येथे सापडली. यावरून त्यांचे संबंध निव्वळ वैराचे नव्हते, हे स्पष्ट होते.

पटकथेचे तंत्र :
संपूर्ण कथा वृद्ध सालिएरी एका धर्मगुरूला सांगतो. त्यामुळे पडद्यावरील घटना इतिहास म्हणून नव्हे, तर मत्सरग्रस्त मनाची साक्ष म्हणून समोर येतात. शिवाय, पाश्चात्त्य संगीताशी अपरिचित प्रेक्षकालाही मोझार्टची थोरवी प्रतिस्पर्ध्याच्या कानांनी उमगते. प्रतिभेपुढील सामान्यत्वाची वेदना हा पटकथेचा खरा विषय होय.

समारोप :
तथापि निवेदकाच्या अविश्वसनीयतेकडे सामान्य प्रेक्षकाचे लक्ष जातेच असे नाही, आणि कल्पित गोष्ट इतिहास म्हणून रूढ होते. मिलानचे ला स्काला नाट्यगृह १७७८ मध्ये सालिएरीच्याच संगीतिकेने सुरू झाले. नूतनीकरणानंतर २००४ मध्ये तीच संगीतिका तेथे पुन्हा सादर झाली. हा त्याचा लौकिकही विसरता येत नाही. म्हणून वर्गात असा चरित्रपट दाखविताना अस्सल साधनांची जोड देणे अगत्याचे ठरते. पटकथाकाराचे स्वातंत्र्य मान्य करूनही इतिहासाला न्याय देण्याचा तोच मार्ग होय.