ढगांच्या हाती कॅमेरा

‘सेव्हन डेज’ हा सुमारे २० मिनिटांचा प्रायोगिक चित्रपट ब्रिटिश चित्रपटकार ख्रिस वेल्सबी यांनी १९७४ मध्ये वेल्समधील कार्निंग्ली डोंगराच्या उत्तर उतारावर, एका लहानशा ओढ्याकाठी चित्रित केला. कॅमेरा साध्या तिवईवर नव्हता. खगोलनिरीक्षक दुर्बिणीसाठी वापरतात त्या इक्वेटोरियल माउंटवर तो बसवला होता.

या माउंटचा मुख्य आस पृथ्वीच्या आसाला समांतर ठेवावा लागतो. वेल्सच्या ५२ अंश अक्षांशावर तो जमिनीशी तेवढाच कललेला असतो. पृथ्वी तासाला १५ अंश फिरते, माउंट तितकाच उलट फिरतो आणि दुर्बिणीतून तारा निसटत नाही. वेल्सबींनी ताऱ्यांऐवजी सूर्य धरला.

सात दिवस, उजाडल्यापासून मावळेपर्यंत, दर १० सेकंदांना एक फ्रेम घेतली गेली. सूर्य ढगाआड असेल तर कॅमेरा आकाशाकडे, सूर्याच्याच रोखाने. ऊन पडले की बरोबर पाठमोरा, जमिनीवरच्या स्वतःच्या सावलीकडे. कोणते दृश्य किती वेळ ठेवायचे हे एरवी दिग्दर्शक आणि संकलक ठरवतात. इथे ते ढगांनी ठरवले, आणि चित्रपटाचे खरे मोठेपण यातच आहे.

बारा तासांच्या दिवसात अशा ४,३२० फ्रेम जमतात. सेकंदाला २४ च्या गतीने त्यांची जेमतेम तीन मिनिटे होतात. पडद्यावर ढग धावत सुटतात. उन्हाच्या दृश्यांत मात्र कॅमेऱ्याची सावली चौकटीत जागची हलत नाही आणि तिच्याखालून दगड, गवत, पाणी सरकत राहते. पायांखालची पृथ्वी फिरते आहे, हे पाठ्यपुस्तकातले वाक्य इथे डोळ्यांना दिसते. ध्वनीचे तुकडे वेगळे मुद्रित करून नंतर चित्राला जुळवले आहेत.

याच काळात कॅनडाचे मायकेल स्नो यांनी क्यूबेकमधील निर्जन डोंगरमाथ्यावर तीन तासांचा ‘ला रेजियों सांत्राल’ (१९७१) केला. पिएर अबेलोस यांनी त्यासाठी घडवलेला यांत्रिक हात कॅमेरा सर्व दिशांना फिरवी. ते यंत्र थक्क करते, पण त्याच्या हालचालींत डोंगराचा काहीच वाटा नाही.

वेल्सबींनी निसर्गाला असा वाटा ‘सेव्हन डेज’च्या आधीच देऊन पाहिला होता. ‘विंड वेन’ (१९७२) साठी लंडनच्या हॅम्पस्टेड हीथवर त्यांनी दोन कॅमेऱ्यांना वातकुक्कुटासारखी पाती जोडली. वारा वळेल तिकडे कॅमेरे वळत. दोन्ही चित्रे शेजारी-शेजारी दाखवली जातात. वाऱ्याच्या झोताने एक कॅमेरा वळतो, दुसराही आपल्या परीने वळतो, आणि न दिसणाऱ्या वाऱ्याची वाट पडद्यावर सरकणाऱ्या झाडांवरून ओळखता येते.