नाताळचा केक : शाळेच्या चुलीवर

डिसेंबर महिना आला म्हणजे पाटोदा तालुक्यातील शाळांमध्ये पटावरची संख्या आणि वर्गात प्रत्यक्ष बसलेली मुले यांतील अंतर वाढलेले दिसते. दसरा-दिवाळीच्या सुमारास ऊसतोडीच्या टोळ्या कारखान्यांकडे गेलेल्या असतात. काही मुले आईबापांबरोबर फडात जातात. काही आजी-आजोबांजवळ अथवा हंगामी वसतिगृहात राहतात. मागे राहिलेल्या या मुलांची दिवाळी निघण्याच्या धांदलीत सरलेली असते आणि संक्रांत आईबापांवाचून जावयाची असते. मधल्या या ओक्या दिवसांत नाताळ येतो. तो शाळेत साजरा करावा व त्यासाठी मुलांच्या डोळ्यांदेखत एक साधा केक भाजावा, असे शिक्षकबंधुभगिनींना सुचविण्याकरिता हा लेख लिहिला आहे.

नाताळ हा सण आपल्या भागाला परका आहे, अशी एक समजूत आढळते. ती बरोबर नाही. 'नाताळ' हा शब्द पोर्तुगीज भाषेतून आपल्याकडे आला व पाव, बटाटा, काजू या शब्दांप्रमाणेच तो मराठीत पूर्णपणे मुरला. आपल्या शेजारच्या अहमदनगर येथे, म्हणजे आजच्या अहिल्यानगरात, अमेरिकन मराठी मिशनचे काम १८३१ साली सुरू झाले. रेव्हरंड नारायण वामन टिळक आणि 'स्मृतिचित्रे' लिहिणाऱ्या लक्ष्मीबाई टिळक यांच्या जीवनाचा मोठा भाग त्याच नगरात गेला. पाटोद्याला लागूनच असलेल्या जामखेड येथे डॉ. रजनीकांत आरोळे व डॉ. मेबल आरोळे या ख्रिस्ती दांपत्याने १९७० साली ग्रामीण आरोग्याचे कार्य आरंभिले व त्याकरिता १९७९ साली त्यांना मॅगसेसे पुरस्कार मिळाला. ही नावे मुलांना सांगावीत. वर्गात एखादे ख्रिस्ती मूल असेल, तर त्याला उभे करून 'हा याचा सण' असे मात्र म्हणू नये. त्याच्या घरी काय करतात हे ते आपणहून सांगेल, तेव्हा ऐकावे.

केक करावयाचा म्हटले की दोन अडचणी पुढे येतात : भट्टी नाही आणि अंडे चालत नाही.

भट्टी म्हणजे अखेर सर्व बाजूंनी लागणारी कोरडी धग. ती आपल्या घरांना नवीन नाही. गोवऱ्यांच्या निखाऱ्यात भाजलेला रोडगा आपल्या आजीला ठाऊक होता. कोकणातील गृहिणी काकडी, गूळ व रवा यांचे धोंडस करताना भांड्याखाली विस्तव ठेवी आणि झाकणावरही निखारे ठेवी. गोव्यात नाताळला होणारे बिबिंक हे पक्वान्नही याच रीतीने वरच्या निखाऱ्यांवर थराथराने भाजले जाई. ज्या घरी रोडगा भाजला गेला, त्या घरी केक भाजणे अशक्य नाही.

शाळेत यासाठी जाड बुडाचे, घट्ट झाकणाचे जर्मनचे जुने पातेले घ्यावे. त्याच्या तळाशी दोन बोटे जाडीचा थर होईल इतकी धुऊन वाळविलेली बारीक वाळू किंवा जाडे मीठ पसरावे. त्यावर एक लहान तिवई ठेवावी आणि तिवईवर केकचा डबा. वाळूमुळे ज्वाळेची उष्णता एका जागी न लागता सर्वत्र सारखी पसरते व टिकून राहते. तिवईमुळे डब्याचे बूड करपत नाही. पातेल्यात पाणी मुळीच घालावयाचे नाही. पाणी घातले तर आतील उष्णता पाण्याच्या उत्कलनबिंदूपाशी, म्हणजे १०० अंश सेल्सियसजवळ, अडून राहते आणि इडलीसारखा पांढरा, ओलसर पदार्थ होतो. केकला तांबूस रंग व खमंग वास येण्यासाठी सुमारे १७० ते १८० अंशांची कोरडी उष्णता हवी. कुकर वापरावयाचा असल्यास झाकणातील रबरी कडे व शिट्टी दोन्ही काढून ठेवणे अत्यावश्यक आहे. वाफ कोंडण्याचा प्रसंगच येता कामा नये.

अंड्याविषयी थोडे स्पष्ट लिहितो. अंडे वाईट म्हणून ते टाळावे, असे माझे म्हणणे नाही. ते उत्तम अन्न आहे. परंतु आपल्या गावांत माळकरी घरे पुष्कळ आहेत. एका पंगतीतील चार मुलांनी ताट बाजूला सारून बसावे, असा पदार्थ शाळेच्या सणाला करू नये. अंडे केकमध्ये पीठ बांधून ठेवते आणि फेसाळून हलकेपणा आणते. ही दोन्ही कामे दही व सोडा मिळून पुरेशी करतात.

प्रमाण असे : मैदा दीड वाटी, ताजे घट्ट दही एक वाटी, पिठीसाखर पाऊण वाटी, वासाचे नसलेले तेल अर्धी वाटी, बेकिंग पावडर एक चहाचा चमचा, खायचा सोडा अर्धा चहाचा चमचा, चिमूटभर मीठ, थोडी वेलदोड्याची व जायफळाची पूड. वाटी सर्व जिनसांना एकच असावी व ती सुमारे २०० मिलिलिटरची असावी. मैद्याऐवजी कणीकही चालते, किंबहुना लहान मुलांसाठी ती अधिक बरी; मात्र कोंड्यामुळे ती पाणी जास्त शोषते, म्हणून तीन-चार चमचे दूध अधिक लागते व केक थोडा जड होतो. साखरेऐवजी तितकाच चिरलेला गूळ अगदी थोड्या पाण्यात विरघळवून, गाळून व थंड करून घातल्यास नाताळच्या केकचा तो प्रसिद्ध काळसर रंग आपोआप येतो. ज्या मुलांचे आईबाप या घटकेला ऊस तोडीत आहेत, त्यांना गुळाचा हा केक मला अधिक शोभतो असे वाटते.

युरोपात नाताळच्या केकसाठी सुका मेवा मद्यात भिजवून ठेवण्याची पद्धत आहे. आपण सांगली-तासगावकडील मनुका मूठभर घेऊन संत्र्याच्या रसात रात्रभर भिजवाव्यात. घालण्यापूर्वी निथळून कोरड्या पिठात घोळवाव्यात, म्हणजे त्या तळाशी जाण्यास काहीसा आळा बसतो. खरा आधार मात्र पिठाच्या घट्टपणाचा असतो.

आता कृतीकडे वळू, कारण शिकविण्याजोगा भाग येथेच आहे. प्रथम पातेले झाकून मध्यम आचेवर दहा-पंधरा मिनिटे तापत ठेवावे. सहा-सात इंच व्यासाच्या डब्याला आतून तेल लावून पीठ भुरभुरावे. मैदा दोनदा चाळावा. मग परातीत नव्हे, काचेच्या किंवा उभ्या भांड्यात दही घेऊन त्यात सोडा व बेकिंग पावडर घालावी आणि मुलांना जवळून पाहू द्यावे. पाच मिनिटांत दही फुगून वर येते. असे का होते, हे विचारून मुलांना बोलते करावे. दह्यातील आम्ल व सोडा यांच्या संयोगातून कर्बद्विप्राणिल वायू निघतो, म्हणजे आजच्या पाठ्यपुस्तकातील कार्बन डायऑक्साइड. सहावी-सातवीच्या वर्गात हाच प्रयोग बाटलीत लिंबाचा रस व सोडा घेऊन करावा आणि निघणारा वायू नळीने चुन्याच्या निवळीत सोडावा. निवळी दुधासारखी होते. लहान मुलांसाठी बाटलीच्या तोंडाला फुगा लावला तरी पुरे.

फुगलेल्या दह्यात साखर व तेल घालून घोटावे, नंतर मैदा थोडा थोडा घालीत हलक्या हाताने एकाच दिशेने मिसळावा. फार घोटल्यास मैद्यातील चिवट प्रथिन ताणले जाऊन केक पोळीच्या कणकेसारखा घट्ट होतो. मिश्रण चमच्यातून जाड धारेने पडावे. मनुका घालून ते लगेच डब्यात ओतावे व डबा पातेल्यात ठेवावा. रेंगाळल्यास वायू निसटून जातो. डबा निम्म्याहून थोडासाच अधिक भरावा.

यानंतर आच मंद-मध्यम ठेवून पहिली तीस मिनिटे झाकण उघडू नये. मुले आग्रह करतील, तरीही उघडू नये, आणि त्याचे कारण त्यांना सांगावे. आतील वायूचे बुडबुडे उष्णतेने प्रसरण पावून पिठाला वर उचलीत असतात. परंतु त्यांच्या भोवतालच्या भिंती अजून ओल्या असतात. गार हवा शिरली की बुडबुडे आकसतात व मधोमध खड्डा पडतो. ओल्या स्लॅबखालचे टेकू अवेळी काढावेत, तसेच हे. पुढे पिष्ट व प्रथिने घट्ट झाली म्हणजे भिंती स्वतः उभ्या राहतात. चाळीस-पन्नास मिनिटांनी स्वच्छ बारीक काडी मध्यभागी खुपसून पाहावी. ती कोरडी निघाली की केक झाला. डबा बाहेर काढून दहा मिनिटांनी केक जाळीवर पालथा करावा.

सजावटीविषयी माझे मत थोडे जुनाट वाटेल. तालुक्याच्या गावी मिळणाऱ्या केकवरील वनस्पती तुपाचा रंगीत थर मुलांना भुरळ घालतो, हे खरे. पण शाळेत त्याची नक्कल करण्याचे कारण नाही. जाड कागदावर वर्तुळ काढून त्याचे ७२-७२ अंशांचे पाच भाग करावेत व एक सोडून एक बिंदू जोडावेत. पाच टोकांची चांदणी तयार होते. ती कापून काढलेला कागद पूर्ण थंड झालेल्या केकवर ठेवावा, चहाच्या गाळण्यातून वर पिठीसाखर भुरभुरावी आणि कागद दोन हातांनी सरळ वर उचलावा. गुळाच्या काळसर केकवर पांढरी चांदणी फार सुरेख दिसते. केक कोमट असेल तर मात्र साखर विरघळून चांदणी नाहीशी होते. भोवती किसलेले खोबरे, तीळ व वाढण्याच्या वेळी डाळिंबाचे दाणे लावावेत.

खोबऱ्याला बर्फ म्हणण्याची चाल थंड देशांतून आली. बेथलेहेम हे गाव वस्तुतः डोंगराळ, खडकाळ मुलखातले, आणि ख्रिस्तजन्माची वार्ता प्रथम मिळाली ती रात्री माळावर मेंढरे राखणाऱ्यांना, असे बायबलात सांगितले आहे. बालाघाटातल्या मुलाला हा देखावा बर्फाच्या चित्रापेक्षा अधिक लवकर उमजेल. त्याने केकवर तिळाची मेंढरे काढली तर काढू द्यावीत.

काही सूचना. किराणा दुकानात सुटा सोडा घेताना तो खायचाच आहे, धुण्याचा नाही, याची खात्री करून घ्यावी. बेकिंग पावडर जुनी असल्यास निरुपयोगी होते. गरम पाण्यात चिमूटभर टाकून ती फसफसते का, हे पाहावे. दूध वा तीळ न सोसणारी मुले कोण, हे पालकांना आधी विचारावे. मापणे, चाळणे, मिसळणे व चांदणी कापणे ही मुलांची कामे. चुलीपाशी मात्र शिक्षक व स्वयंपाकी यांनीच असावे. आच बंद केल्यावरही वाळू फार वेळ तापलेली राहते व दिसण्यात गार वाटते, म्हणून पातेले कुलूपबंद खोलीत ठेवावे.

२५ डिसेंबरला शाळेस सुट्टी असते, यास्तव हा कार्यक्रम आदल्या दिवशी घ्यावा. वरील प्रमाणात सोळा लहान तुकडे होतात. पट चाळीसचा असेल तर तीन केक लागतील, हे गणित मुलांनीच करावे. आणि ते करताना फडात गेलेल्या मुलांची नावे हिशेबात धरावीत की नाही, हा प्रश्न कोणी ना कोणी विचारीलच. वसतिगृहातील मुलांचा वाटा आधी बाजूला काढावा. केक घट्ट झाकणाच्या डब्यात थंडीच्या दिवसांत दोन दिवस चांगला राहतो, तेव्हा त्या दिवशी गैरहजर असलेल्या मुलाचा तुकडा त्याच्या नावाची चिठ्ठी लावून ठेवता येतो. वाळू दुसऱ्या दिवशी गार झाली म्हणजे चाळून डब्यात भरावी. ती पुढच्या वर्षी चालते.