संशोधनासाठी सिनेमा पाहताय? मग आधी कॉपी तपासा

माझ्या चॅप्टरच्या मार्जिनमध्ये गाइडनी एकच प्रश्न लिहिला होता: "कुठली कॉपी पाहिलीस?"

सिनेमा होता एडवर्ड बर्गर यांचा 'कॉन्क्लेव्ह' (2024). पोपच्या निधनानंतर कार्डिनल बंद दाराआड नवा पोप निवडतात, त्यातल्या राजकारणाचा हा थ्रिलर. पालघर जिल्ह्यात राहणाऱ्याला हा विषय तसा परका नाही. आपल्याकडचा वसई धर्मप्रांत 1998 मध्ये मुंबईपासून वेगळा झाला. मे 2025 च्या खऱ्या कॉन्क्लेव्हमध्ये 133 कार्डिनलांनी मतदान केलं, पण मुंबईचे कार्डिनल ग्रेशियस त्यात नव्हते, कारण वयाची 80 वर्षं ओलांडलेल्यांना मत नसतं.

आता माझी चूक. मी लिहिलं होतं, "पात्रांमागचा सपाट काळोख हे चर्चच्या गुप्ततेचं रूपक आहे." पाहिलं कुठे, तर बोईसरला घरी, मोबाइलचं नेट लॅपटॉपला जोडून. पुढे तेच प्रसंग ब्लू-रेवर पाहिले, तर त्या काळोखात भिंतीचा पोत होता, झग्याच्या चुण्या होत्या. म्हणजे माझं रूपक निम्मं नेटच्या स्पीडनं तयार केलं होतं!

हे होतं कसं? नेट मंदावलं की स्ट्रीमिंग ॲप बिटरेट उतरवतं, म्हणजे दर सेकंदाला कमी डेटा पाठवतं. मग आधी कात्री लागते ती अंधारातल्या बारकाव्यांना.

रंगाचंही तसंच. घरी येणाऱ्या बहुतेक व्हिडिओत प्रत्येक पिक्सेलचा उजेड वेगळा नोंदवलेला असतो, पण रंगाची माहिती चार पिक्सेलांत मिळून एकच असते. म्हणून गडद लाल कापडाच्या कडा फिसकटल्यासारख्या दिसू शकतात, आणि या सिनेमात तर सगळीकडे कार्डिनलांचा लाल रंग! 8-बिट व्हिडिओत प्रत्येक रंगाच्या 256 पायऱ्या असतात, 10-बिटमध्ये 1024. पायऱ्या कमी पडल्या की धुरासारख्या हळूहळू बदलणाऱ्या छटांत पट्टे उमटतात.

वेळही फसवते. सिनेमा सेकंदाला 24 फ्रेमचा असतो. युरोपातल्या जुन्या पाल डीव्हीडींवर तो बहुधा 25 नं चालवलेला असायचा, त्यामुळे 120 मिनिटांचा सिनेमा साधारण 115 मिनिटांत संपायचा. शॉटची लांबी मोजणाऱ्यांचं सगळं गणितच चुकणार.

तेव्हा सिनॉप्सिस लिहितानाच चार गोष्टी नोंदवा: माध्यम (डिस्क की स्ट्रीमिंग), रिझोल्यूशन, फ्रेमरेट आणि पाहिल्याची तारीख. प्रकाश किंवा रंगावर विधान करायचं असेल, तर तो प्रसंग निदान दोन कॉप्यांत पडताळा.

माझं ते वाक्य मी खोडलं. पण कथेतली गुप्तता संवादांत आणि मतदानाच्या नियमांत होतीच, ती कुठल्याही कॉपीत सापडते. चॅप्टर आता तिच्यावर उभा आहे.