आई विसरली, आता काय टिपायचं?

‘तिला आता काहीच आठवत नाही, विचारून काय उपयोग?’ स्मृतिभ्रंश झालेल्या आईबद्दल घरचे असं म्हणतात. ते अर्धंच खरं आहे. अल्झायमरमध्ये नव्या आठवणी घडवणाऱ्या हिप्पोकॅम्पसला सुरुवातीलाच इजा होते. त्यामुळे सकाळचा चहा झाला की नाही हे आठवत नाही, पण माहेरच्या विहिरीवरचा रहाट आठवतो. ताजं आधी जातं आणि जुनं मागाहून, हा क्रम फ्रेंच मानसशास्त्रज्ञ तेओद्यूल रिबो यांनी १८८१मध्येच मांडला होता. हातांच्या सवयी तर बऱ्याचदा त्याहून चिवट. नातवाचं नाव हरवलेली आजी वाती मात्र सराईतपणे वळते.

म्हणून ‘आठवतंय का?’ असं विचारू नये. ती तोंडी परीक्षा होते. हातात अडकित्ता द्यावा, जुनं लुगडं द्यावं, फोनवर रेकॉर्डिंग लावावं आणि आपण गप्प बसावं. हे शेवटचं सगळ्यात अवघड.

‘पण ती चुकीचं सांगते!’ सांगू दे. सनावळ्या आणि नाती मामा-मावशीकडून ताडून घेता येतात. तिची बोली, मध्येच हसण्याची लकब दुसऱ्या कुणाकडे मिळायची नाही. १९०१मध्ये फ्रँकफर्टला डॉ. आलॉइस अल्झायमर यांनी आऊगुस्ट डेटर या रुग्ण बाईंशी झालेली प्रश्नोत्तरं जशीच्या तशी लिहून ठेवली. ताटात फ्लॉवर आणि डुकराचं मांस होतं. काय खाताय विचारल्यावर बाई म्हणाल्या, पालक. डॉक्टरांनी उत्तर सुधारलं नाही. ती फाइल १९९५मध्ये सापडली, आणि त्या चुकीच्या उत्तरातून बाईंचा आवाज आजही ऐकू येतो.

‘सगळं फोनमध्ये आहे’ हाही भ्रमच. हजारो फोटो असतात, पण मागच्या रांगेत कोण उभं आहे हे कुठेच लिहिलेलं नसतं. नावं आई असतानाच लिहून घ्यावीत.

आई गेल्यावर डोळ्यांसमोर आजारातलाच चेहरा येतो, म्हणून मुलांना अपराधी वाटतं. त्याचा प्रेम कमी पडण्याशी काही संबंध नाही. रोज पाहिलेलं, ताजं असलेलं आधी वर येतं. तिच्या मैत्रिणींना, जुन्या शेजारणींना भेटावं. त्यांच्याकडे तिचा तिशीतला चेहरा असतो. मात्र औषधांच्या वेळांची वही रद्दीत घालू नये. रात्री दोनच्या गोळीपुढे, समासात, ती तेव्हा काय म्हणाली हे कुणीतरी टिपलेलं असतं.